कृत्तिका अजून आहेत

मंठा, २४ एप्रिल १९९२, शुक्रवार

आमच्या घराचं वर्ष मी काल संपवलं, आणि ते संपलंच नव्हतं!

संध्याकाळी पश्चिमेला कृत्तिका दिसेनाशा झाल्या की आमचं वर्ष सरतं. आबांनी शाळेत घालायच्या आधीच मला हे शिकवलं आणि यंदा पहिल्यांदा वर्षाची वही माझ्या हाती दिली. काल गच्चीवरून काही दिसलं नाही. मी वहीत वर्ष सरल्याची ओळ लिहिली, खाली सांगितलं, काकूंनी लगेच पुरण घातलं. पण काल धूळ होती. आभाळ साफ नसेल तर थांबायचं, हे मला ठाऊक नव्हतं का?

आज धूळ बसली आणि कृत्तिकांतल्या तीन तारका दिसल्या. पुन्हा मोजल्या, तीनच. गप्प बसले असते तर कुणाला कळलं असतं? वही परत मागतील ही भीती होतीच, तरी खाली जाऊन सांगितलं.

काकू म्हणाल्या, "मंग मी पुरण उगंच वाटलं का गं?"

आबा हसले. "वर्ष सरल्यावर पुन्हा वाटा." मग मला म्हणाले, "कालची ओळ खोडू नको. खाली आजची लिही."

लिहिली: आज तीन दिसल्या, वर्ष चालू आहे. खाली सही केली. काल ती करायला हात धजला नव्हता.