जवसानं जाळलं नाही

४ फेब्रुवारी

प्रिय ताई,

नमस्कार. तुझं पत्र मिळालं. भावोजी दारातूनच देऊन गेले. चहाला थांबा म्हटलं तर म्हणाले, "गाडी आडवी लावलीय." आठ महिने मी तुझा फोन उचलला नाही, म्हणून शेवटी तू कागद-पेन घेतलंस. अक्षर अजून तसंच आहे, प्रत्येक ओळ वर चढत जाणारी.

आम्ही दोघी बऱ्या आहोत. आईचं पोट आता रोज सकाळी वेळेवर साफ होतं आणि ही बातमी ती येणाऱ्या-जाणाऱ्याला स्वतःहून देते. काल दूधवाल्याला दिली. भाजून कुटलेल्या जवसाची पूड, एक चमचा, दह्यात कालवून देते आणि वर दोन पेले पाणी. पाणी कमी पडलं तर उलटंच होतं. डॉक्टरांना विचारून सुरू केलं, नाहीतर तू म्हणशील म्हातारीवर प्रयोग करते. ते म्हणाले, "चालेल, फक्त गोळ्या आणि हे एकदम नको. दोन तासांचं अंतर ठेवा." म्हणून गोळ्या आठला, जवस दहाला. कणकेतही मूठभर पूड घालते. आईला ते कळत नाही, किंवा कळूनही ती बोलत नाही.

माझे हात बरे झाले. तुला आठवत असतील, बोटांच्या पेरांवरच्या त्या भेगा. सोळा वर्षं तुझ्या पार्लरमध्ये लोकांच्या डोक्यावर रंग आणि क्रीम थापून पडलेल्या. मीठ लागलं की जीव जायचा. आता लिंबू पिळते, काही होत नाही. हे जवसानं झालं असं मी म्हणणार नाही. तुझ्या बाटल्यांपासून लांब राहिल्यानं झालं.

तू विचारलंयस, घरी बसून करतेस काय. केसांना लावायच्या जवसाच्या जेलसाठी स्वयंपाकघरात दोन पातेली वेगळी काढलीत. वाटीभर जवस, सहा वाट्या पाणी, मंद आच, आणि सारखं ढवळत राहायचं. अंड्याच्या पांढऱ्यासारखी तार सुटली की लगेच, गरम असतानाच, जुन्या पातळ कापडातून गाळायचं. फोन आला म्हणून पाच मिनिटं गेलीस की संपलं, मग ते कापडातून उतरत नाही, नुसता गोळा लोंबकळतो. आठवड्याला दहा-बारा बायका येतात. स्टुलावर बसतात, मी केस कापते, जेल लावून देते. नवीन बाई हमखास विचारते, "यानं केस वाढतात का हो?" मी सांगते, "नाही. बसतात, मऊ राहतात. वाढणं-न वाढणं तुमच्या डोक्याचं काम." दोघी-तिघी ऐकून निघून गेल्या. जाऊ देत.

आता तुझ्या अटीबद्दल. तुझ्याकडे हाताखाली कोणी मुलगी टिकत नाही, म्हणून मी परत यावं. येताना जवस घरी ठेवून यावं. आणि पहिल्याच दिवशी नेहमीच्या बायकांसमोर म्हणावं की "माझी चूक झाली". म्हणजे तुझ्या लेकीच्या, आपल्या चिंगीच्या डोक्याला जे झालं ते माझ्या जेलनं झालं, ही जी गोष्ट तू आठ महिने सांगत आलीस, तिच्यावर मी माझ्या तोंडानं शिक्का मारायचा.

नाही, ताई. तू खापर फोडलंस तेव्हा मी डोकं पुढे केलं, ते का, हे माझं मला ठाऊक. पुन्हा करणार नाही. त्या दिवसाबद्दल यापेक्षा जास्त लिहायची माझी इच्छा नाही. तूही "झालं गेलं" या दोन शब्दांत तो गुंडाळलायस.

आई तुला बोलावते आहे. तिच्यासाठी ये. माझ्यासाठी येऊ नकोस.

तुझी,
धाकटी


१९ फेब्रुवारी

ताई,

चिंगी काल माझ्याकडे आली होती. तिनं तुला सांगितलं नसणार, म्हणून मी सांगते. तुझ्या पाठीमागे मला काही करायचं नाही.

दुपारची वेळ होती. मी जवस भाजत होते. ते तडतडायला लागले की गॅस सोडून हलता येत नाही, म्हणून बेल वाजली तर आईनं दार उघडलं. चिंगी आत आली ती सरळ स्वयंपाकघरात. डोक्याला रुमाल, घट्ट, भुवयांपर्यंत ओढलेला. एकोणीस वर्षांची मुलगी, आणि चालताना खांदे असे आत घेतलेले की जणू कोणी मागून हाक मारेल म्हणून भ्यायली असावी. स्टुलावर बसली. मी पाणी दिलं, ते तिनं घेतलं नाही.

"मावशी, एक विचारते. खोटं सांगायचं असेल तर आत्ताच जाते."

"विचार."

"माझं डोकं जवसानं जळलं का?"

मी गॅस बंद केला. ताई, आठ महिने मी या प्रश्नाची उत्तरं मनात घोकत होते आणि त्यातलं एकही त्या वेळी कामाला आलं नाही. मी जे झालं तेच सांगितलं. तुलाही लिहिते, कारण आपण दोघींनी ते एकमेकींपाशीसुद्धा कधी पूर्ण उच्चारलेलं नाही.

तिला मुलाखतीला जायचं होतं. केस सरळ हवे होते. तिनं महिन्यापूर्वीच ते रंगवलेत हे तुला माहीत होतं आणि मलाही. अशा केसांवर सरळ करायचं क्रीम घालायचं नाही, बाटलीवरच लिहिलंय. कानामागे थोडं लावून बघूया असं मी म्हटलं, तू म्हणालीस, "घरचीच पोरगी आहे, तिची कसली चाचणी?" क्रीम वीस मिनिटंच ठेवायचं. विसाव्या मिनिटाला चिंगी म्हणाली, "जळजळतंय." तू काउंटरवरून ओरडलीस, "थोडं जळजळतंच. मुळाशी अजून कुरळे दिसतायत, दुसरा हात मार." आणि दुसरा हात मारला तो मी. भांगातली कातडी लाल झालेली मला दिसत होती. मला दिसत होती, ताई. सोळा वर्षं तुझा शब्द मोडायची सवय नव्हती, म्हणून ब्रश फिरवला.

हे झालं तुझं आणि माझं. पुढचं फक्त माझं आहे.

संध्याकाळी ती माझ्याकडे आली, टाळूची आग होतेय म्हणाली. तेव्हाच तिला डॉक्टरांकडे न्यायला हवं होतं. मी काय केलं? फ्रिजमधली जेल काढली आणि थापली. गार वाटेल, म्हटलं. सकाळपर्यंत बघू. सकाळी तिची उशी ओली होती. म्हणजे जवसानं जाळलं नाही. पण जवसाच्या भरवशावर मी एक आख्खी रात्र घालवली, आणि त्या रात्रीत जखम चिघळली. त्वचेच्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या होत्या ना, "लगेच आणलं असतं तर एवढं झालं नसतं", तेव्हा तू माझ्याकडे बघितलंस आणि मी जमिनीकडे. तू सगळा दोष जेलवर टाकलास तेव्हा मी मूग गिळून गप्प बसले ते यासाठी. मला वाटलं, थोडी तरी शिक्षा माझी आहेच, तर सगळीच घेऊ. त्यात माझा मोठेपणा काही नव्हता. खरं बोलायला लागले असते तर त्या रात्रीचंही बोलावं लागलं असतं. शिक्षा सोपी होती, ती घेतली.

चिंगीनं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "म्हणजे आईनं दुकान सांभाळलं आणि तू तुझं पातेलं सांभाळलंस. माझं डोकं कोणी सांभाळलं?"

आई दारात उभी राहून ऐकत होती. तिनं फक्त एवढंच म्हटलं, "दोघींना मीच वाढवलं. काय बोलू?" आणि आत गेली.

चिंगी उठून जाईल असं मला वाटलं. ती उठली नाही. तिनं रुमाल सोडला. टाळूच्या डाव्या बाजूला तळहाताएवढी जागा, चकचकीत, गुलाबी. तिथं आता काही उगवणार नाही हे तिला डॉक्टरीणबाईंनी सांगितलंय. आजूबाजूचे लांब केस ती त्यावर ओढून पिना लावते. आठ महिने रोज सकाळी अर्धा तास तेच.

"काप," ती म्हणाली.

"किती?"

"सगळे सारखे. झाकायचा कंटाळा आला मला."

मशीन लावली. तिचं डोकं अजिबात हललं नाही. झाल्यावर तिनं आरसा मागितला, बराच वेळ बघत राहिली, आणि हसली. आनंदाचं नव्हे गं. एखाद्याला चांगलं सुनावून आल्यावर माणूस हसतं ना, तसं. मी सवयीनं जेलच्या बरणीकडे हात नेला. ती म्हणाली, "ते नको." मी बरणी मागे सारली.

जाताना तिनं मला माफ केलं नाही. मी माफी मागितलीही नाही. "परत येशील का?" एवढंच विचारलं. "बघते," म्हणाली.

आता तुझं काम. शनिवारी सकाळी अकराला मी पार्लरमध्ये येते. नेहमीच्या सगळ्या बायका असतील तेव्हा. तुला मी सगळ्यांसमोर बोलायला हवी होते ना? बोलणार. माझी चूक झाली असंच म्हणणार, आणि कोणती झाली तेही सांगणार. तुझी कोणती, ते तू सांगितलंस तर बरं. नाही सांगितलंस तर तेही मीच सांगेन. दार बंद ठेवलंस तर खाली शिंपीकाकांच्या दुकानासमोर उभी राहून सांगेन, आवाज माझा जिन्यानं वर येतो, तुला ठाऊक आहे.

भावोजींना पाठवून मला गप्प करायचा प्रयत्न करू नकोस. ते बिचारे गाडी आडवी लावूनच येतात.

तुझी,
धाकटी


२६ फेब्रुवारी

ताई,

शनिवारी मी तोंड उघडलं आणि तू आतल्या खोलीत जाऊन कडी लावलीस. म्हणून बाहेर काय झालं ते तुला कळायला हवं. भावोजींना ते नीट सांगता येणार नाही, ते तर सगळा वेळ कॅलेंडर वाचत होते.

मी सगळं सांगितलं. रंगवलेले केस, न केलेली चाचणी, दुसरा हात, माझा ब्रश, माझी जेल, माझी ती वाया घालवलेली रात्र. काही गाळलं नाही आणि काही चढवलं नाही. तुला शिव्या घातल्या नाहीत, तशी भीती असेल तर काढून टाक.

ड्रायरखाली बसलेल्या बँकेतल्या बाईंना अर्धंच ऐकू गेलं होतं, त्यांनी डोकं बाहेर काढून विचारलं, "काय झालं? कोण गेलं?" दोघी हसल्या, आणि मग सगळ्याच एकदम बोलायला लागल्या. मुख्याध्यापिका बाई माझ्यावर भडकल्या. "आठ महिने आम्ही या बाईंच्या तोंडून ऐकलं की तू पोरीचं डोकं जाळलंस. तू एक शब्द बोलली नाहीस. उद्या आमच्या डोक्याचं असं झालं असतं तर?" बरोबर होतं त्यांचं. मी ऐकून घेतलं. त्या पर्स उचलून गेल्या, परत येतील असं वाटत नाही. तुझ्याकडेही आणि माझ्याकडेही.

मग जिन्यात पावलं वाजली आणि चिंगी आली. मी तिला बोलावलं नव्हतं, शपथेवर सांगते. रुमाल नव्हता. सरळ मधल्या खुर्चीत जाऊन बसली, आरशासमोर, सगळ्या उजेडात. कोणाला कुठं बघावं कळेना. बँकेतल्या बाईच उठल्या, तिच्यामागे जाऊन उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "दुखतं का गं अजून?"

"नाही," ती म्हणाली. "बघितलं की लोकांना दुखतं."

ती जोरात बोलली. कडीपलीकडे तू ऐकलं असशीलच. मग तिनं क्रीमच्या बाटल्यांचं कपाट उघडलं, एकेक काढून बेसिनशेजारी मांडल्या, तारखा मोठ्यानं वाचल्या. चार बाटल्यांची मुदत कधीच उलटून गेलेली. त्या मी बरोबर आणल्यात, म्हणजे तुला परत वापरायचा मोह नको. रागाव.

कालच तुझी चिठ्ठी आली. तुला वाटतं मी तुझं दुकान बुडवायला आले होते. आणि खाली, तळटीप घालावी तशी एक ओळ: जवसाला आता मागणी आहे, आपण दोघी मिळून जेल बाटल्यांत भरून विकू, वर "केस वाढवणारी" असं छापू. ताई, तू वाचतेस तरी का मी काय लिहिते ते? जेल मी विकणार नाही तुझ्या नावानं, आणि खोटं छापून तर माझ्याही नावानं नाही. जी बाई माझ्या स्टुलावर बसते तिला आता मी पहिलं वाक्य हेच सांगते: जळलं, कापलं, पुरळ आलं तर माझ्याकडे यायचं नाही, डॉक्टरकडे जायचं. गिऱ्हाईक घटलं तर घटू दे. पुन्हा कोणाची उशी ओली व्हायला नको.

मी परत येणार नाही. आजही नाही आणि तू अट काढून घेतलीस तरी नाही. पण तू एकटी पडलीस याचा मला आनंद झालेला नाही, हेही लिहून ठेवते. शनिवारी कडीच्या आतून तुझ्या रडण्याचा आवाज आला, तेव्हा माझा पाय दाराकडे वळला होता. मी तो थांबवला. कारण त्या दाराबाहेर खुर्चीत चिंगी बसली होती, आणि तुला बाहेर यायचं तर तिच्यासाठी यायला हवं होतं. मी दार उघडायला लावलं असतं तर ते पुन्हा तुझ्या-माझ्यातच राहिलं असतं.

ती अर्धा तास बसली, ताई. तुझी वाट बघत. मग गेली.

तिला मुलाखतीचं नवीन बोलावणं आलंय, परवाचं. डोकं असंच घेऊन जाणार म्हणते. मला म्हणाली, "मावशी, तू सोबत चल, पण बाहेरच थांब." मी जाणार आहे. बाहेर बाकावर आपल्या दोघींना पुरेल एवढी जागा असते.

मला तुझ्याकडून काही नको. माफीही मागू नकोस, मी तुला ती देऊ शकत नाही अजून. जे द्यायचं ते तिला दे, तिच्याकडे बघून, डोक्याकडे बघून, मान खाली न घालता. हे पत्र खाली ठेव आणि तिच्या खोलीत जा.

चिंगीची मावशी