मोहरी किती ठेवायची

बाबा, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी एक गोष्ट डोक्यातून जात नाही, म्हणून लिहायला बसलोय. त्या बेलबॉटमच्या वर्षी तुमच्या मनात नेमकं काय होतं? मी हिंगोलीला कॉलेजात होतो. पुसेगावच्या बाजारगल्लीत आपलं शिलाईचं दुकान, आणि आपल्या वस्तीतून तिथं दुकान टाकणारे तुम्ही पहिलेच. लोकांच्या पोरांना खुशाल बेलबॉटम शिवून द्यायचात. मी मागितली तर कात्री आपटलीत, "त्या घागऱ्यात फिरायला लाज न्हाई वाटत? माझ्या घरात चालायचं न्हाई." मी रुसलो, जेवलो नाही, तुम्ही ढिम्म.

मग तो नवा फौजदार आला. असल्या पँटी घालून पोरं बाजारात पोरींची छेड काढतात, तेव्हा आजपासून शिवणं बंद, असा त्याचा तोंडी हुकूम. तुम्ही शर्टाला बटणं लावत बसलेले. मान वर करून एवढंच म्हणालात, "साहेब, लेखी द्या की." झालं! त्याचं डोकंच सरकलं. "मला कायदा शिकवून राहिला काय?" म्हणत त्यानं आपली एकुलती एक मशीन जीपमध्ये टाकायला लावली. आई रडते आहे, शेजारचा किराणावाला सांगतो आहे, "पाया पडा, सोडून देईल. उपाशी मरता काहून?" आणि तुम्ही धुतलेलं धोतर नेसून हिंगोलीला, वकिलाकडे.

कोर्टात मीही होतो. मॅजिस्ट्रेटनं फौजदाराला विचारलं, गुन्हा कोणता? छेड काढणाऱ्याला धरा, पण टेलरचा रीतसर धंदा बंद करायचा अधिकार तुम्हाला कोणत्या कलमानं दिला? मशीन परत द्या, असा हुकूम झाला. बाबा, काय छाती फुगली होती माझी! आपला बाप म्हणजे बापच, असं वाटलं.

परत आल्यावर तुम्ही दुकानाच्या ओट्यावर मशीन मांडलीत आणि माझ्या मापाची बेलबॉटम शिवलीत. सगळ्या बाजाराला दिसेल अशी दारात टांगलीत. फौजदाराची जीप जवळून गेली, तरी काढली नाहीत. मी हुरळून गेलो, लढाई माझ्यासाठीच होती म्हणून. आणि घरी आल्यावर तुम्ही माझ्यासमोर तिची शिवण उसवलीत, पायाची खालची मोहरी नेहमीसारखी अरुंद केलीत आणि पँट माझ्या अंगावर टाकलीत. मी ओरडलो, "कोर्टानं सांगितलं ना, बंदी न्हाई म्हणून!" तुम्ही सुई खोचत म्हणालात, "ते फौजदाराला सांगितलं. मी बाप हाय."

याचा अर्थ काय लावू, सांगा. कधी वाटतं, तुम्ही आणि तो फौजदार एकाच माळेचे मणी. कधी वाटतं, छे, तुमच्याएवढा न्यायाचा माणूस मी पाहिलाच नाही. दोन्ही खरं कसं असेल? हे पत्र कुठं टाकायचं नाही, म्हणून कबूल करतो. फौजदाराची भीती त्या दिवशी कोर्टातच गेली. तुमची अजून गेली नाही. हे लिहितानाही दाराकडे बघून राहिलोय.