बेचाळीस पानांची रशियन

३ फेब्रु., मंगळवार
आमच्या जुन्या बियाणे कंपनीची केस परत वर आली. रशियातल्या टोळीनं दिवाळीत संगणकांना कुलूप घातलं, खंडणी मागितली, ते प्रकरण. आतून पासवर्ड देणारा कंपनीतलाच निघाला, तो जेलात आहे. त्याच्या मोबाइलात टोळीचं आपसातलं बोलणं सापडलं. सगळं रशियन. जालन्याच्या सायबर पोलिसांना वाचणारा पाहिजे. ॲपचं भाषांतर कोर्टात टिकत नाही म्हणे, माणसाची सही लागते.
आणि बोलावलं कुणाला? यूसुफला.

४ फेब्रु.
यूसुफ फिटर. कारखान्यानं नऊ महिने रशियाला पाठवला होता, त्याला चाळीस वर्षं झाली. तेव्हापासून तो बदनापुरात ‘रशियावाले चाचा’. बर्फाची गोष्ट हॉटेलात अजून सांगतो, लोक चहा पाजतात. जाण्याआधी त्याला अक्षरं शिकवली कुणी? मी. जुन्या बाजारातलं पुस्तक घेऊन गोदामात पोत्यावर बसून एकट्यानं शिकलो. सातवी पास माणूस. मला कुणी चाचा केलं नाही.
ही म्हणाली, “तोंड का उतरलंय? त्याला बोलावलं तर बोलावलं.”
उतरलं नाही म्हणालो. BP ची गोळी घेतली.

५ फेब्रु., गुरुवार
यू. आल्ता. “अण्णा, बोलायचं म्हणशील तर आजबी बोलतो. वाचायला गेलो की अक्षरं मुंग्यावानी पळतात. सोमवारी तूबी चल, दोघं मिळून करू.”
बरं म्हणालो.

९ फेब्रु., सोमवार
दोघांनी दहाच्या गाडीनं जालन्याला जायचं ठरलेलं. मी आठच्या गाडीनं गेलो. सायबर पोलिसांच्या मॅडमना सांगितलं, यूसुफभाईंना वाचता येत नाही. खोटं नाही बोललो. त्यांनी एक पान पुढं केलं, मी घडाघडा वाचलं. बेचाळीस पानं मिळाली.
बाहेर पायरीवर यू. “तुलाच दिलं ना? बरं झालं. मेरा बोझ उतर गया.”
शिवी दिली असती तर बरं वाटलं असतं.

१७ फेब्रु., मंगळवार
पुरं झालं. तीन माणसं काढली. अलेक्सांद्र पेत्रोविच, म्होरक्या. साशा, निरोप पोचवणारा. शूरा, कुलपाचा प्रोग्राम लिहिणारा. त्यांच्यातही आपल्यासारखं मधे बापाचं नाव. पेत्रोविच म्हणजे प्योत्रचा मुलगा. मॅडमनी वहीत टिपून घेतलं. “काका, तुम्ही नसता तर अवघड होतं.”
‘फरार आरोपी तीन’ लिहिलं, खाली माझी सही. रशियनमधली सहीपण करून दाखवली. कुणी मागितली नव्हती.

२२ फेब्रु., रविवार
मुद्दाम यू.कडे गेलो, ऐकवायला. त्याचा रोजा, म्हणून चहा नाही. तिन्ही नावं ऐकून तो हसला नाही, तेच वाईट.
“अण्णा, तिकडं अलेक्सांद्रलाच साशा म्हणतात. शूराबी म्हणतात. आमच्या खोलीवर एक होता. पोरं साशा म्हणायची, त्याची आई शूरा, साहेब बापाचं नाव जोडून. तू शाळेत विठ्ठल, गल्लीत अण्णा, आईचा इठू. कितने आदमी हुए?”
माझ्या पुस्तकात हे नव्हतं. तिथं अलेक्सांद्र स्टेशनवर जातो, अलेक्सांद्र पाव खातो. त्याला घरी कोण काय म्हणतं...
निघताना यू. म्हणाला, “मी कुणापाशी बोलत न्हाई. तू बघ.”

२३ फेब्रु.
पानं परत वाचली. तिघं एकमेकांशी एकदाही बोलत नाहीत. दुसरेच हाका मारतात. हे मला दिसलं कसं नाही.
दोषारोपपत्र परवा कोर्टात. गप्प बसलो तर? पण आरोपीच्या वकिलानं यावर बोट ठेवलं की बेचाळीस पानं केरात, आणि तो घरभेदी मिशीला पीळ देत बाहेर. कुलूप पडलं तेव्हा गोदामावरच्या बायांना घरी बसवलं होतं, ऐन हंगामात.
जायला पाहिजे. यू.ला न सांगता.

२४ फेब्रु., मंगळवार
मॅडमपुढं कबूल केलं. रागावल्या नाहीत, नुसता चष्मा काढून ठेवला. दुरुस्तीचा कागद दिला, उद्या अकराला भरून आणायचा.
“तिघं एकच, हे तुम्हाला कुणी सांगितलं? त्यांचं नाव खाली लिहा. साक्षीला त्यांनाच बोलावावं लागेल.”
माझ्या तोंडून निघालं, पुस्तकात बघितलं.
“मग पुस्तकाचं नाव लिहा,” म्हणाल्या.
घरी येऊन सगळं लिहिलं. तो एक रकाना कोरा. यूसुफ लिहायला हात टेकवला, तर बाजूला छापलंय, वडिलांच्या नावासह. चाळीस वर्षांत त्याच्या बापाचं नाव मी विचारलं नाही. रशियातल्या चोराच्या बापाचं पाठ आहे.
विचारायला गेलो की त्याला कळणार कशासाठी.
ही म्हणाली, “जायचं तर रोजा सुटायच्या आत जा. मंग माणसं जमतात त्यांच्याकडं.”
चप्पल घातली होती. काढली. आता साडेपाच. रोजा सुटायला अजून तासभर.