नावातला एकार

३ मार्च
छापून आलं! एकतीस वर्षं संग्रहालयाच्या बाटलीत कुजवलेला माझा बेडूक अखेर नवी जात ठरला. माझ्याच आडनावावरून नाव ठेवलंय — पण शेवटी 'ए' लावून! पुरुषाच्या आडनावाला 'ई', बाईच्या आडनावाला 'ए', शास्त्रीय नावांचा एवढा साधा नियम. म्हणजे जगाच्या लेखी मी बाई! दलदली तुडवल्या, जळवा पोसल्या, गुडघ्यांची वाट लावून घेतली, ती याच्यासाठी?
हिला दाखवलं. "छान आहे की," म्हणाली आणि मटार सोलत बसली. हिला काय त्याचं!

४ मार्च
संग्रहालयातल्या बाईंनी ठेवलंय हे नाव. खरमरीत पत्र टाकलं. मी बेडकांमागे फिरत होतो तेव्हा ह्या पाळण्यात होत्या.

९ मार्च
उत्तर नाही. डोकं भणभणतंय.

१५ मार्च
चूक नाही म्हणे! "बाटलीतल्या चिठ्ठीवर शोधणारा म्हणून तुमच्या पत्नीचं नाव आहे. तुम्हालाच सापडला असेल, तर त्या तारखेची नोंद असलेली वही पाठवा. नाव बदलू."
चिठ्ठ्या हीच लिहायची. माझं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय. हौसेनं स्वतःचं नाव टाकलं असेल, दुसरं काय!

१६ मार्च
माळ्यावरच्या ट्रंकेत वही सापडली. पेन्सिलीचं अक्षर, माझंच, दाबून लिहिलेलं — "ताप. दिवसभर तंबूत. हिनं ओढ्यावरून डब्यात काहीतरी आणलं. 'बघा तरी' म्हणून मागे लागली. बाटलीत टाक म्हटलं, मला झोपू दे."
विसरलोच होतो. खरंच विसरलो होतो? व्याख्यानांत किती रंगवून सांगायचो — कंबरभर पाण्यात उभं राहून कसा पकडला ते! लोक टाळ्या वाजवायचे. ही पहिल्या रांगेत. हीसुद्धा वाजवायची.
लाज वाटते. पण त्याहून जास्त राग येतो. आयुष्यभर मी खपलो, आणि नाव हिचं? एका डब्यापायी?

१७ मार्च
पान फाडलं. जाळलं. बाईंना लिहिलं — वही पाठवतोय, नेमकं ते पान वाळवीनं खाल्लं, माझ्या शब्दावर विश्वास ठेवा.

१८ मार्च
पार्सल नेहमीप्रमाणे हीच बांधायला बसली. वही चाळली, उजेडाकडे तिरपी धरली. आवाज अगदी रोजचा —
"खालच्या पानावर पेन्सिल उमटलीय. तेही फाडून देऊ?"