पायरीवरचा मालक

तीर्थरूप बाबा,

तुम्हाला आणि आईला वाकून नमस्कार. मी मजेत आहे, जेवण वेळेवर होतं. तुमच्या हाताची थरथर कमी झाली का?

चोराला दारात अडवणारं तुमचं चिन्ह ज्यानं ढापून स्वतःच्या नावावर विकलं, तोच इथला माझा मालक. स्वतःच्या नव्या घराच्या दारावर ते कोरायला त्यानं मलाच पाठवलं! त्याची विकाऊ चिन्हं नुसती शोभेची. कुठली रेघ आधी ओढली की चिन्ह जागं होतं, हे तुम्ही फक्त मला शिकवलंत. बाबा, तुमची शपथ, मी एकही रेघ चुकवली नाही.

बायकामुलं सुखरूप आत गेली. मालकाचा पाय मात्र उंबऱ्यावरच थिजला. तेव्हापासून तो स्वतःच्याच पायरीवर बसून जेवतो. मी मुद्दाम त्या बाजूनं जाते, बघून डोळे निवतात.

काल त्यानं गयावया करत विचारलं, "हे पुसणार कोण?" मी म्हटलं, "ज्याचं आहे तो. माझे वडील." तोंड बघायला हवं होतंत! नोकरी राहील न राहील, बघू.

तो तिकडे यायला निघालाय. आईला म्हणावं, पाणी बाहेरच दे. आपल्याही दारावर तेच चिन्ह आहे, हे मी त्याला सांगितलेलं नाही.

तुमची,
छिन्नी