मिरचीच्या तेलाचा ठसका

अक्का, आख्खी गल्ली तुला अक्का म्हणायची, म्हणून मीही आईला कधी आई म्हटलं नाही. आज मी ऑलिव्हच्या तेलात मिरच्या मुरवल्या. हस, हस. तुला ते तेल ठाऊक होतं ते औषधाच्या दुकानातल्या छोट्या डब्यातलं, तान्ह्या बाळाच्या अंगाला चोळायचं. माझ्या लेकीला तूच चोळलंस की! तीच लेक आता परदेशात ते पावावर ओतून खाते. गेल्या खेपेला इथं मोठी बाटली ठेवून गेली आणि मागच्या आठवड्यात फोनवर म्हणाली, "दिवाळीला येतेय, त्यात आपल्या मिरच्या घालून ठेव. झणझणीत पाहिजे हं." मग काय, दुसऱ्याच दिवशी मी दुर्गदबैलच्या बाजारात. दुकानदार कानडीत विचारतो, "अक्कारं, बण्ण बेको, खार बेको?" रंग हवा की तिखट. तू असतीस तर प्रत्येक पोत्यातली मिरची मोडून, हुंगून त्याला भंडावून सोडलं असतंस. मी मुकाट्यानं दोन्ही आणल्या, रंगाला ब्याडगी आणि तिखटाला बारकी लवंगी, आणि गच्चीवर कडकडीत वाळवल्या.

आणि सकाळी घोटाळा केला. जन्मभर फोडण्या दिलेला हात तो, तेल तापवलं धूर निघेपर्यंत आणि मिरच्या टाकल्या. जळून कोळसा! असला खकाणा उठला की मी पदर तोंडाला लावून खिडकीपाशी जाऊन उभी राहिले, खोकून खोकून डोळ्यांतून पाणी. तू चटणीच्या मिरच्या भाजायचीस तेव्हा सगळं घर एकदम खोकायचं, आठवतं? अण्णा पेपर आपटून ओरडतायत, "माणसं राहतात इथं!" आणि तू खोकता खोकता हसतेयस. मी विस्तव मोठा केला की माझ्या हातावर चापट बसायची. "तुला कुठं गाडी गाठायचीय ग?" आज मी एवढी खोकले, कोणी ओरडलं नाही. ठसका थांबल्यावर घर इतकं गप्प झालं की मी उगीचच मोठ्यानं म्हटलं, "झालं, झालं, उघडलीय खिडकी." कोणाला म्हटलं, देव जाणे. एकटं राहायची सवय होते म्हणतात. मला नाही झाली, अक्का.

दुसऱ्यांदा मात्र तुझ्यासारखं केलं. मंद आच, तेल बोट सोसेल इतकंच गरम, मिरच्या भरड कुटलेल्या, भांड्याला पाण्याचा थेंब नाही. हळूहळू रंग उतरला, काय सुरेख लाल! गाळून बाटलीत भरतच होते, तेवढ्यात लेकीचा फोन. "आई, रजा मिळत नाही ग." आवाज पडलेला होता, पण वाक्य आधी घोकलेलं वाटलं. मी म्हटलं, "असू दे, काम आधी. इथं सगळं ठीक आहे." फोन ठेवला आणि कळलं, हे शब्द माझे नव्हेत. मी पुण्याला शाळेत शिकवत होते, तू दसऱ्याला बोलावलं होतंस आणि मी फोनवर रजा मिळत नाही म्हटलं, तेव्हा तू मला हेच म्हणाली होतीस, याच चालीवर. तुला खरं वाटलं असेल असं मी इतकी वर्षं धरून चालले. आता वाटतं, तुला तेव्हाच कळलं होतं. संक्रांतीच्या आत तू गेलीस.

लेकीवर रागवायला तोंड नाही मला, म्हणून तुला लिहायला बसले. हे पत्र कुठल्या पेटीत टाकू? राहील इथंच, टेबलाच्या खणात. पण एकदा लिहून टाकते. अक्का, त्या दसऱ्याला मला रजा मिळाली होती. आठ दिवसांची. आम्ही महाबळेश्वरला गेलो होतो.