अडलेली ओळ

ह्युनफेल्ड, २ फेब्रुवारी १९४७

चि. रोस्विता हिस,
वाल्बुर्गाताईचे अनेक उत्तम आशीर्वाद.

पत्र पोचले. दीड वर्ष नाटकांत मोलकरीण होऊन तबके नाचवल्यावर अखेर तुला आईची भूमिका मिळाली, बरे वाटले. पण तुमचे व्यवस्थापक ग्रेवेसाहेब म्हणतात की प्रार्थनेच्या प्रवेशात लोक खोकत राहिले तर उन्हाळ्यानंतर करार नाही, हे काही मला उमगत नाही. नाट्यगृहात शेगडी धड पेटत नाही, मग लोक खोकणार नाहीत तर काय करतील?

आणि तिकिटाबरोबर माणशी एक कोळशाची वीट द्यायची म्हणे! बाई गं, तेवढ्यात माझे सलगम शिजून सासऱ्यांचे पायही शेकून होतात. शिवाय प्रार्थनेचे सोंग बघायला मी यावे? लहानपणी रोजच्या प्रार्थनेत अपराध्यांना क्षमा करण्याच्या ओळीवर तू नेमकी अडायचीस, कारण योआखिमशी भांडण झालेले असायचे. मी मोठ्याने म्हटल्याशिवाय तुझी गाडी पुढे सरकत नसे. आता तोच आपला भाऊ रशियात मातीआड झाला, आणि तू रंगमंचावर प्रार्थना म्हणणार! मी येणार नाही. तुझ्यासाठी चर्चमध्ये मेणबत्ती लावीन, उरलेली का होईना.

लोकरीचे मोजे घालत जा. रागावले तरी माया पातळ होत नाही, हे जाणून असावे.

तुझी ताई


ह्युनफेल्ड, १६ फेब्रुवारी १९४७

चि. रोस्विता हिस,
आशीर्वाद, आणि या खेपेला माफीही.

काल मी कासेलला तुझे नाटक बघायला आले होते. सासऱ्यांनीच वीट टोपलीत घातली. म्हणाले, पाय माझे आहेत, गारठले तर तुला काय? तिसऱ्या रांगेत बसले. मेलेल्या मुलाच्या रिकाम्या पलंगापाशी तू गुडघे टेकलेस, प्रार्थना सुरू केलीस आणि त्याच ओळीशी थांबलीस. मला वाटले, अडली पोरगी! नाटक आहे हे साफ विसरले. तोंडून ओळ निघून गेली, तीही चर्चमधल्यासारखी खणखणीत. मग सगळेच उभे राहिले आणि शेवटपर्यंत म्हणाले. 'आमेन' होताच मी लाजेने स्टेशन गाठले.

माझ्यापायी तुझा करार गेला असेल तर लपवू नकोस. देवाच्या दयेने घरात बटाटे आहेत, तू इकडेच ये.

तुझी वेंधळी ताई


कासेल, २४ फेब्रुवारी १९४७

ती. ताईच्या चरणी रोस्विताचा नमस्कार.

ओळ मी विसरले नव्हते. तिथे थांबायचे ठरलेही नव्हते. पलंग पाहून योआखिम आठवला, आणि त्याला मारणाऱ्यांना क्षमा करते असे खोटे खोटेसुद्धा म्हणवेना.

पडदा पडल्यावर ग्रेवेसाहेब कडाडले, ती काळ्या रुमालाची बाई कोण म्हणून. मी सांगितले, माझी ताई. मग चष्मा पुसत म्हणाले की त्या प्रवेशात एकही माणूस खोकला नाही. करार दोन वर्षांचा झाला!

आता प्रत्येक प्रयोगात त्या ओळीशी माझा आवाज जातो, आणि प्रेक्षकांतून कोणीतरी ती म्हणते. परवा कुबडीवरचा एक तरुण म्हणाला. त्यांच्या मागून मी नुसते ओठ हलवते गं. तुझ्या मागून मात्र खरेच म्हटली होती.

ईस्टरनंतर ये. सासऱ्यांचे पाय शेकू देत. तुझ्या तिकिटाच्या विटेची सोय मी माझ्या शेगडीच्या कोळशातून केली आहे. तू फक्त ती ओळ घेऊन ये.

तुझ्या धाकात वाढलेली,
रोस्विता